फुटेज कोणाच्या घरी राहणार? खुम्बूतल्या एका शेर्पा माहितीपटाचं प्रकरण

नेपाळच्या सोलुखुम्बू जिल्ह्यात, खुम्बूच्या, म्हणजे एव्हरेस्टच्या पायथ्याच्या प्रदेशाच्या, वरच्या भागातल्या एका गावात 2022 ते 2025 या काळात एक माहितीपट तयार झाला. मी त्याची संकलक. दोनदा गावात जाऊन राहिले, बाकी सगळा वेळ पुण्यात संगणकासमोर. माहितीपट 38 मिनिटांचा आहे. त्यासाठी चित्रित झालेलं फुटेज 90 तासांच्या आसपास. मला इथे जास्त लिहायचं आहे ते त्या उरलेल्या तासांबद्दल. ते कोणाचे, ठेवायचे कुठे, बघायचे कोणी, आणि 'नको' म्हणायचा हक्क कोणाचा? हे प्रश्न आम्ही सुरुवातीला स्वतःला विचारले नव्हते. ते गावाने आम्हाला विचारले.

गावाचं नाव लिहीत नाही, आणि माणसांची ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. दिग्दर्शिकेला इथे ल्हाक्पा म्हणते. शेर्पांमध्ये जन्मवारावरून नाव ठेवायची पद्धत आहे. ल्हाक्पा म्हणजे बुधवार, आणि हे नाव बाईचंही असतं, पुरुषाचंही. नामचेच्या आठवडी बाजारात या नावाने हाक मारली तर एकाच वेळी बरीच डोकी वळतील.

पार्श्वभूमी

आपल्याकडे 'शेर्पा' हा शब्द डोंगरावर ओझं वाहणारा माणूस या अर्थाने सर्रास वापरला जातो. एव्हरेस्टच्या पायथ्यापर्यंत जाऊन आलेले आपले ट्रेकरसुद्धा 'आमचे दोन शेर्पा होते' असं म्हणतात, आणि त्यातला एक राई नाहीतर तामांग, म्हणजे वेगळ्याच जमातीचा असतो. शेर्पा ही एक जमात आहे. शर म्हणजे पूर्व; पूर्वेकडून आलेले ते शेर्पा. सुमारे पाचशे वर्षांपूर्वी पूर्व तिबेटातल्या खाम प्रदेशातून खिंडी ओलांडून हे लोक इथे आले. त्यांची भाषा तिबेटी कुळातली. ती लिहायची झाली तर तिबेटी लिपीत लिहितात, किंवा देवनागरीत.

ल्हाक्पाचं आजोळ या गावातलं. 1964 मध्ये लुक्लाला धावपट्टी झाली, 1976 मध्ये सगरमाथा राष्ट्रीय उद्यान झालं, आणि बटाटा, जव नि याक यांवर चालणारी घरं हळूहळू लॉजवर आणि मोहिमांवर चालू लागली. हातात पैसा आला तशी पोरं काठमांडूच्या निवासी शाळांत गेली. ल्हाक्पा सातव्या वर्षी गेली. तिची शेर्पा भाषा तिथेच थांबली: जेवलीस का, झोप आता, थंडी वाजते. मोठ्यांशी बोलताना लागणारे आदराचे शब्द तिच्याकडे नव्हते, आणि ही गोष्ट तिला फार सलायची. पुण्यातल्या एका संकलन कार्यशाळेत आमची ओळख झाली. आम्ही आपसांत हिंदीत बोलतो. ती मला दिदी म्हणते.

तिचा मूळ बेत साधा होता. गावात याक आणि नाक (याकची मादी) पाळणारी मोजकीच घरं उरली आहेत. त्यांतल्या एका म्हाताऱ्या जोडप्याबरोबर वर्षभर फिरायचं. ही माणसं वर्षात अनेकदा घर बदलतात. उन्हाळ्यात वरच्या यर्सात, म्हणजे दगडी भिंतींनी वेढलेल्या गवताच्या तुकड्यांत आणि एका खोलीच्या घरात. हिवाळ्यात खालच्या गुन्सात, म्हणजे हिवाळी वस्तीत. मधे मुख्य गाव. हे वर-खाली जाणं मनात आलं तेव्हा होत नाही. गाव पाळीपाळीने 'नवा', म्हणजे शेतांचा आणि गवताचा राखणदार नेमतं. जनावरांनी गावातली शेतं कोणत्या दिवसापर्यंत सोडायची, कुठल्या पट्ट्यातलं गवत कधी कापायला मोकळं करायचं, हे नवा सांगतो. बंदीच्या काळाला 'दी' म्हणतात. दी लागली आणि तुमचं जनावर शेतात सापडलं की दंड, मग घर कितीही मोठं असो. जंगलासाठी वेगळा शिंगी नवा असे. 1957 मध्ये नेपाळ सरकारने खासगी जंगलं राष्ट्रीय मालकीची केली, आणि त्यानंतर शिंगी नवाचा शब्द हळूहळू हलका होत गेला. चराईचा नवा काही गावांत टिकला, काही गावांत विरला. आपल्याकडे देवराईतली काडीसुद्धा उचलायची नाही हे जसं कोणत्याही वनकायद्याच्या आधीपासून लोक पाळत आले, त्याच जातीची ही शिस्त आहे.

ही शिस्त पडद्यावर आणायची, हे ल्हाक्पाच्या मनात होतं. परदेशातल्या एका निधी देणाऱ्या संस्थेने तीन हप्त्यांत पैसे द्यायचं कबूल केलं. करार 52 मिनिटांच्या माहितीपटाचा होता, इंग्रजी उपशीर्षकांसह. करारात एक कलम होतं: चित्रित झालेलं सर्व साहित्य संस्थेच्या मालकीचं राहील. ल्हाक्पाने सही केली. तो करार मीही वाचला होता. असं कलम बहुतेक करारांत असतं, म्हणून मला त्यात काही वावगं दिसलं नाही.

अडचण

पहिली अडचण भाषेची निघाली. ल्हाक्पा नेपाळीत विचारायची, म्हातारी माणसं नेपाळीत उत्तर द्यायची. नेपाळी ही त्यांच्यासाठी सरकारी माणसाशी आणि पर्यटकाशी बोलायची भाषा. उत्तरंही तशीच यायची: आखूड, बरोबर, निर्जीव. 'नवा काय करतो?' 'नवा गवताचं रक्षण करतो.' संपलं. पहिल्या अकरा तासांत मला माहितीपटात घ्यावंसं वाटलेलं एकही वाक्य नव्हतं.

दुसरी अडचण हंगामाची. गावातल्या पोरांना कॅमेरा शिकवायचा होता, पण चैत्र-वैशाखात आणि पुन्हा दसऱ्यापासून पुढे दोन महिने सगळी तरुण माणसं ट्रेकवर किंवा मोहिमेवर. कडक थंडीत निम्मं गाव काठमांडूला उतरतं. उरतो पावसाळा. त्यात ढग खाली आले की लुक्लाची विमानं उडत नाहीत.

तिसरी अडचण गावाच्या बैठकीत समोर आली, आणि तिने सगळ्या कामाची दिशाच बदलली.

2022 च्या दुमजीच्या आधी ल्हाक्पाने परवानगीसाठी गोम्पाच्या, म्हणजे बौद्ध मठाच्या अंगणात बैठक बोलावली. दुमजी हा खुम्बूचा गावसण, आषाढाच्या सुमाराचा. दरवर्षी काही घरांवर 'लावा' म्हणून यजमानपदाची पाळी येते, आणि ती घरं अख्ख्या गावाला दिवसच्या दिवस जेवू घालतात. मुखवट्यांचे नाच होतात. सण आटोपला की जनावरं वर न्यायची वेळ झालेली असते. म्हणजे आमच्या माहितीपटाचा पहिला प्रसंग तोच होता. ल्हाक्पाने काय काय चित्रित करणार ते सांगितलं. सगळ्यांनी ऐकून घेतलं. मग एका बाईने विचारलं की हे सगळं शेवटी राहणार कुठे. आजवर इथे इतके कॅमेरे आले, त्यातलं काय परत आलं?

प्रश्नात राग नव्हता, पण वजन होतं. 1953 मध्ये, ज्या वर्षी एव्हरेस्टवर पहिलं पाऊल पडलं त्याच वर्षी, क्रिस्तोफ फॉन फ्यूरर-हैमेनडॉर्फ हे मानववंशशास्त्रज्ञ खुम्बूत राहायला आले होते. (हेच ते, जे आदिलाबादच्या मारलवाईत राजगोंडांमध्ये राहिले, आपल्या विदर्भाच्या सीमेपासून ते गाव फार दूर नाही.) त्यांचा छायाचित्रांचा मोठा संग्रह लंडनच्या स्कूल ऑफ ओरिएंटल अँड आफ्रिकन स्टडीजकडे आहे. आता त्यांचं बरंच काम इंटरनेटवर बघायला मिळतं, पण त्याला पन्नास वर्षं जावी लागली. त्यांच्यानंतर मोहिमांचे कॅमेरे आले, वाहिन्यांचे आले. साथीच्या आधी वर्षाला 50,000 हून जास्त परदेशी पर्यटक या उद्यानात येत होते, आणि प्रत्येकाच्या हातात फोन.

त्या रात्री ल्हाक्पाने मला फोन केला. करारातलं ते कलम तिने पुन्हा काढून वाचलं होतं. बैठकीत ती म्हणाली होती की हे तुमचंच आहे. कागद म्हणत होता की नाही.

समोर असलेले पर्याय

एक म्हणजे करार आहे तसा चालवायचा. माहितीपट पुरा करायचा आणि गावाला एक प्रत भेट द्यायची. बहुतेक जण हेच करतात, आणि त्यात लबाडी असतेच असं नाही. पण गावाला मिळतो तो तयार चित्रपट. बाहेरच्या प्रेक्षकाला कंटाळा येईल म्हणून मी जे कापलं, नेमकं तेच गावाला हवं असतं: कोणाचं यर्सा कुठे आहे, कोणत्या झऱ्याला काय म्हणतात, कोणत्या घराचं कोणाशी नातं.

दुसरा पर्याय, पैसे परत करून थांबायचं. पहिला हप्ता कॅमेऱ्यात आणि विमानभाड्यात गेला होता, त्यामुळे हे सोपं नव्हतं. आणि ज्या आजोबांभोवती माहितीपट उभा होता ते सत्तरी ओलांडलेले होते. थांबणंही महागात पडलं असतं.

तिसरा, करार नव्याने मांडायचा. तयार माहितीपट संस्थेचा, कच्चं फुटेज गावाचं. संस्था ऐकेल याची खात्री नव्हती.

मी तेव्हा पहिल्या पर्यायाच्या बाजूने होते. आधी काम पुरं करू, मालकीचं नंतर बघू, असं मी म्हणाले. ल्हाक्पाचं म्हणणं होतं की 'नंतर' येईल तोवर लोकांनी बोलून टाकलेलं असेल. तिचं बरोबर होतं. कॅमेऱ्यासमोर माणूस काय बोलतो, हे ते शब्द पुढे कुठे जाणार आहेत यावरच ठरतं.

पत्रव्यवहार पाच महिने चालला. संस्थेच्या बाजूने एक समंजस बाई होत्या, त्यांनी वाट काढली. माहितीपटाचे प्रदर्शनाचे हक्क ठरावीक वर्षांसाठी संस्थेला, आणि कच्च्या फुटेजची मालकी गावाने निवडलेल्या समितीला. बदल्यात दुसरा हप्ता घटला. त्यांना माहितीपटात एव्हरेस्ट हवं होतं, 18 एप्रिल 2014 च्या हिमस्खलनात 16 कामगार गेले ती गोष्ट हवी होती. ल्हाक्पाने नाही म्हटलं. तिच्या माहितीपटात एकच डोंगर सतत दिसतो, तो खुम्बिला. 5,761 मीटरचा, म्हणजे खुम्बूच्या मानाने ठेंगणा. पण तो या भूमीचा रक्षक देव आहे आणि त्याच्यावर कोणी चढत नाही.

काय केलं

प्रश्न विचारायचं काम ल्हाक्पाने सोडून दिलं. दिग्दर्शकाला हे जड जातं. तिची आई काठमांडूहून वर आली आणि चुलीशी बसून बोलू लागली. आई प्रश्न विचारायचीच नाही. ती बटाटे सोलता सोलता चुकीचं काहीतरी बोलायची: अमक्या साली दी लवकर उठली होती ना? की समोरची आजी उसळायची. लवकर कुठली, उशिरा! आणि मग चाळीस मिनिटं. नवाने स्वतःच्या मेहुण्याला कसा दंड केला, मेहुणा छांग (घरची बियर) घेऊन समजूत घालायला कसा आला, नवाने छांग प्यायली आणि दंडही घेतला. बाजूला आजी दगडी तव्यावर रिकिकुर, म्हणजे किसलेल्या बटाट्याची जाड पोळी भाजते आहे, आणि बोलण्याच्या भरात एक पोळी करपते. ती करपलेली पोळी माहितीपटात आहे.

गावातल्या पाच तरुणांना कॅमेरा आणि ध्वनिमुद्रण शिकवलं, दोन पावसाळे. रोजी ठेवली ती त्या काळात भारवाहकाला मिळते तेवढी. आधी 'मानधन' म्हणून ठोक रक्कम द्यायचं घाटत होतं. पोरांनीच स्पष्ट सांगितलं की रोजी असेल तर घरचे सोडतील.

गोम्पाच्या लामांनी रेषा आखून दिली. अंगणातले नाच घ्या, आतले विधी नाहीत. एका पोराने विचारलं की पर्यटक तर दारातून फोन आत घालून सगळं टिपतात, मग आम्हालाच मनाई का? लामा म्हणाले की ते उद्या निघून जातील, तुला इथे राहायचं आहे. त्या पोराने आतलं एकही दृश्य घेतलं नाही. त्याने बाहेर उभं राहून फक्त आवाज धरला, तोही लामांना आधी ऐकवून.

संमतीची पद्धत आम्ही तीन कप्प्यांची केली. ऑस्ट्रेलियातल्या वारुमुंगु आदिवासींबरोबर तयार झालेली मुकुर्तु नावाची संग्रहप्रणाली आहे. कोणती गोष्ट कोणी बघायची हे त्या समाजाचे रिवाज ठरवतात, यावर ती उभी आहे. कल्पना तिथून घेतली. आमच्याकडे मात्र साधी वही होती. प्रत्येक चित्रीकरणानंतर विचारायचं: हे गावापुरतं, शेर्पांपुरतं, की सगळ्यांसाठी? 'शेर्पांपुरतं' हा कप्पा गावाने सुचवला, कारण आता अर्धं नातं काठमांडूच्या बौद्धनाथ भागात आहे आणि बरंचसं न्यूयॉर्कच्या क्वीन्समध्ये. विचारायचं दोनदा, एकदा लगेच आणि एकदा दृश्य दाखवून झाल्यावर. दुसऱ्या वेळी बऱ्याच जणांनी कप्पा बदलला. गंमत म्हणजे दोन्ही दिशांना. स्वतःला बघून काही जण धीट झाले.

मग भाषांतर. दोन मुली ऐकून ऐकून देवनागरीत उतरवायच्या, खाली नेपाळी अर्थ. एका तासाच्या बोलण्याला दोन दिवस जायचे. मला ते कागद वाचता यायचे आणि एक अक्षर कळायचं नाही. लिपी आपली, भाषा परकी, हा अनुभव विलक्षण असतो. मी फोनवर वाचून दाखवायचे, त्या पलीकडून हसायच्या आणि दुरुस्त करायच्या. शेर्पा भाषेत सुरावर अर्थ बदलतो आणि देवनागरीत सूर लिहायची सोय नाही. एकदा मी उपशीर्षकात लिहिलं, 'देवापाशी पोचलो तेव्हा बर्फ पडत होतं.' ती माणसं खिंडीत पोचली होती. ला म्हणजे खिंड, ल्हा म्हणजे देव. मुलीने ला लिहिलं होतं, माझ्या कानात ल्हा बसलेलं. आपल्या कोल्हापुरातला ल्ह घशात घुमतो. त्यांचा ल्हा नुसत्या श्वासाचा असतो. खिंडीवर पोचल्यावर 'ल्हा ग्यालो', देवांचा जय असो, म्हणून ओरडतात, त्यामुळे माझं वाक्य वाचणाऱ्याला खटकलंही नसतं. म्हणूनच ती चूक मला जास्त लागली. त्यानंतर एकही उपशीर्षक गावाने ऐकून मान्य केल्याशिवाय कायम केलं नाही.

साठवण्याचा प्रश्न मला वाटला होता त्यापेक्षा अवघड निघाला. फिरत्या तबकडीच्या साध्या हार्ड डिस्क सुमारे 3,000 मीटर उंचीपर्यंतच चालवायच्या असं बहुतेक उत्पादकांच्या माहितीपत्रकात लिहिलेलं असतं, कारण वाचणारं टोक तबकडीवर हवेच्या पातळ थरावर तरंगतं आणि उंचीवर हवा विरळ होते. नामचेच 3,440 मीटरवर. म्हणून सगळं एसएसडीवर, म्हणजे फिरता भाग नसलेल्या डिस्कवर घेतलं. पण एसएसडी वर्षानुवर्षं बंद पेटीत ठेवूनही चालत नाही, अधूनमधून वीज द्यावी लागते. दुमजीच्या आधी आणि ल्होसारला (तिबेटी नववर्षाला), अशा वर्षातून दोन वेळा लावून तपासायच्या, असं ठरलं. ठेवायच्या कुठे यावर बैठक झाली. पहिलं उत्तर गोम्पा हेच होतं. मग कोणीतरी तेंगबोचेची आठवण काढली: 1989 च्या जानेवारीत, वीज आल्याला फार दिवस झाले नव्हते तेव्हा, तो गोम्पा विजेच्या दोषाने आग लागून जळाला. त्यामुळे एक प्रत गोम्पात, एक गावाच्या दुसऱ्या टोकाच्या घरात, एक काठमांडूत.

आजोबा

2024 च्या फेब्रुवारीत ज्या आजोबांवर माहितीपट उभा होता ते काठमांडूत वारले. थंडीत उतरले होते, पुन्हा वर आले नाहीत.

संस्थेला मार्चअखेर अंतिम प्रत द्यायची होती आणि एका महोत्सवाची जागा त्यावर अवलंबून होती. मृत्यूनंतर 49 दिवस जीव मधल्या अवस्थेत असतो, ही बौद्ध धारणा आपल्याला ठाऊक आहे. त्या घराचं म्हणणं होतं की या दिवसांत त्यांना मागे ओढेल असं काही करायचं नाही. नाव घेऊन हाक नाही, फोटो समोर नाही. मग चालतं-बोलतं चित्र तर नाहीच.

मुलाने हे ल्हाक्पाला फोनवर सांगितलं आणि पुढे म्हणाला की तुझं काम आहे हे आम्हाला समजतं, तू ठरव. आमच्याकडे सही होती, नोंदवहीत 'सगळ्यांसाठी' असं स्वतः आजोबांनी दोनदा सांगितलेलं होतं. कागदावर आम्ही मोकळे होतो.

त्या संध्याकाळी माझ्या पडद्यावर त्यांचंच दृश्य अर्धवट कापलेलं होतं. तळहातावर मीठ घेऊन ते उभे आहेत, धुक्यात काही दिसत नाही, आणि ते नाकांना बोलावतात. तो आवाज लिहिता येत नाही; घशातून निघून नाकात संपतो. मग धुक्यातून आधी घंटा ऐकू येते, मग शिंगं दिसतात, मग ती काळी जीभ तळहातावर. मला त्या दृश्यात आठ फ्रेम कमी करायच्या होत्या. ल्हाक्पाचा निरोप आला: दिदी, बंद कर. मी फाइल बंद केली.

तिच्यापुढे तेव्हाही वाटा होत्या. आजोबांना वगळून आवृत्ती करणं शक्य होतं, पण ती घाईची आणि पोकळ झाली असती. घरच्यांना न सांगता मी पुण्यात कापत राहिले असते तर कोणाला कळलंही नसतं. मी हे सुचवलं नाही, पण मनात आलं होतं, ते इथे नोंदवते. ल्हाक्पाने संस्थेला कळवलं की एप्रिल उलटेपर्यंत काम थांबेल आणि त्यानंतरही घरचे काय म्हणतात त्यावर ठरेल. महोत्सवाची जागा गेली. शेवटचा हप्ता उशिरा आला आणि ठरल्यापेक्षा कमी.

काय हाती आलं

जूनमध्ये आजींनी आणि मुलाने होकार दिला, एका अटीवर: आजोबांचं नाव उपशीर्षकात येऊ नये. त्यामुळे माहितीपटात ते बिननावाचे आहेत. 52 मिनिटांचा 38 मिनिटांचा झाला, कारण दोन घरांनी दुसऱ्या वेळी बघून आपले भाग 'गावापुरते' केले. संस्थेने लहान आवृत्ती स्वीकारली.

गावासाठी वेगळी आवृत्ती केली, दोन तासांवरची, उपशीर्षकं नसलेली. ती दुमजीनंतर शाळेच्या भिंतीवर दाखवली. बाहेरच्या माणसाला त्यात काही घडताना दिसणार नाही: एक आजी बोट दाखवत यर्सांची नावं घेते, पंचवीस मिनिटं. लोक मधेच ओरडून दुरुस्त करत होते, आणि एका भिंतीच्या नावावरून दोन घरांत खरा वाद पेटला. पोरांनी तो वादही चित्रित केला.

16 ऑगस्ट 2024 ला थामे गावाच्या वरची हिमतळी फुटली आणि शाळा, आरोग्य केंद्र आणि अनेक घरं चिखलाखाली गेली. दिवसाउजेडी झाल्याने माणसं वाचली. 1985 मध्ये त्याच खोऱ्यातलं दिग त्सो हे तळं फुटलं होतं तेव्हा नवं जलविद्युत केंद्र वाहून गेलं होतं. आमचं गाव थामे नाही, पण त्या आठवड्यात समितीच्या सचिवाचा फोन आला की दोन्ही प्रती नदीपासून किती उंचावर आहेत ते मोजून घेतलं आहे, आणि काठमांडूतली प्रत तपासा.

पाचांपैकी दोन पोरं आता चित्रीकरण करत नाहीत. एक परदेशी गेला, एक मोहिमांवर असतो. तिघं करतात.

पुन्हा करायचं झालं तर

फुटेजच्या मालकीचं कलम सहीच्या आधी गावाच्या बैठकीत वाचायला हवं होतं. भाषांतर करून, मोठ्याने. आमचे पाच महिने आणि बरेच पैसे वाचले असते, आणि बैठकीत ल्हाक्पाच्या तोंडी खोटं पडलं नसतं.

मृत्यूबद्दल आधी विचारायला हवं होतं. सत्तरीतल्या माणसावर तीन वर्षांचं काम उभं करताना हा प्रश्न अशुभ वाटतो, म्हणून आम्ही टाळला. वहीत चौथा कप्पा हवा होता: मी नसताना कोणाला विचारायचं? तो आता आहे.

भाषांतराचे पैसे अंदाजपत्रकात जवळजवळ नव्हतेच. कॅमेऱ्यावर खर्च केला त्याच्या निम्मे तरी त्या दोन मुलींसाठी धरायला हवे होते. माहितीपटाचा कणा त्यांच्या वह्यांत आहे.

आणि ल्हाक्पाच्या आईला पहिल्या दिवसापासून वर न्यायला हवं होतं. ते अकरा तास मी अजून पुसलेले नाहीत. नेपाळीत दिलेली ती उत्तरं गावात कोणी बघायला मागत नाही.

2025 च्या फेब्रुवारीत, वर्ष सरल्यावर, आजोबांच्या घरच्यांनी काठमांडूतली प्रत मागवली आणि त्यांचं सगळं फुटेज बसून बघितलं. नाकांना हाक मारण्याचा भाग त्यांनी सगळ्यांसाठी मोकळा ठेवला. गावातली दोन पोरं ती हाक शिकत आहेत. चाळीस मिनिटांचा एक भाग त्यांनी बंद केला, ज्यात आजोबा रात्री चुलीपाशी आजीशी बोलत आहेत. तो भाग मी पाहिला आहे, पण त्याचं भाषांतर कधी झालंच नव्हतं. माझ्याकडची प्रत मी त्यांच्या सांगण्यावरून पुसली. उरलेली एकच फाइल आता आजींकडे आहे, 'खादा' या मानाच्या वस्त्रात गुंडाळून ठेवलेल्या पत्र्याच्या पेटीत.